दोन मोठ्या नांग्यांचा खेकडा

माझा एकही तक्ता आजवर परत आला नव्हता. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे अठ्ठावन्न वर्षांची एक बाई ऐन हिवाळ्यात तीन दिवस मनोरीच्या चिखलात काय करत होती, ते तुमच्या ध्यानात येईल.

मी शाळांसाठी तक्ते रंगवते. हाताने. मांजरपाटाच्या कापडावर पांढऱ्या रंगाचे दोन हात, त्यावर चित्र, चित्राखाली काळ्या अक्षरांत नावं, वर वॉर्निश आणि दोन्ही टोकांना लाकडी रूळ. पचनसंस्था, फुलाचे भाग, बेडकाचा जीवनक्रम, जे सांगाल ते. मुलुंड, घाटकोपर, अंधेरी, बोरिवली, कुठल्याही जुन्या शाळेच्या प्रयोगशाळेत शिरा आणि तक्त्याचा खालचा उजवा कोपरा बघा. बारीक अक्षरांत ‘शैला’ लिहिलेलं दिसलं तर तो माझा. हल्ली फ्लेक्सवर तासाभरात छापून मिळतं हे मला माहीत आहे. पण फ्लेक्समधल्या बेडकाकडे एकदा नीट बघा आणि मग माझा बेडूक बघा, एवढंच म्हणते.

ही कला मला बाबांकडून मिळाली. ते मालवणहून आले आणि गिरणीत नक्षीखात्याला लागले. लुगड्यांच्या काठांची वेलबुट्टी काढायचं त्यांचं काम. मोर असो की कुयरी, ते अर्धीच काढत. मग पातळ कागदाची घडी घालायची, पाठीवरून नखाने घासायचं आणि घडी उघडायची. समोर अख्खा मोर उभा. मी परकर नेसत होते तेव्हापासून त्यांच्या शेजारी बसून घासत आले. ते म्हणायचे, “अर्धा नीट काड गो. दुसरा अर्धा आपसूक येता.” गिरणी गेली, बाबा गेले, घडी माझ्याकडे राहिली. फुलपाखरू, माणूस, बेडूक, सगळे मी असेच काढले. विज्ञानाच्या पुस्तकात याला द्विपार्श्व सममिती म्हणतात. मधून एक रेघ मारली की डावं अंग आणि उजवं अंग एकमेकांशी जुळतं. बाबांनी हा शब्द कधी ऐकला नसेल, पण पोट त्यांनी त्याच्यावरच भरलं.

तर मनोरीच्या एका शाळेतून ‘प्राण्यांच्या शरीराची सममिती’ या विषयावर तक्ता हवा म्हणून फोन आला. मी खूश झाले. फुलपाखरू, तारामासा, पापलेट असं ठरवत आणलं, आणि शाळा खाडीकाठची, तर त्यांच्या ओळखीचा एखादा प्राणी हवा म्हणून एक खेकडा घेतला. खाजणातला तो छोटा, एक नांगी भलीमोठी असलेला. माझ्याकडे त्याचा जो फोटो होता त्यात तो अर्धा बिळाबाहेर होता. मला कुठे अडचण होती? अर्धा दिसला तेवढा काढला, घडी घातली, घासलं, उघडली. दोन प्रचंड नांग्या उगारलेला असा देखणा खेकडा मी आयुष्यात काढला नव्हता.

आठवड्याभरात तक्ता परत आला. सोबत शिक्षिकेची चिठ्ठी होती: “ताई, बाकी सगळं फार सुंदर आहे. फक्त खेकडा. माझी आई विचारते, दोन्ही नांग्या एवढ्या मोठ्या, तर हा जेवणार कशानं? रविवारी प्रयोगशाळेचं उद्घाटन आहे. मुख्याध्यापक म्हणतात, तोवर जमणार नसेल तर फ्लेक्स छापून लावू. तुम्ही येऊन एकदा बघाल का? राहायची सोय आमच्याकडेच करू.”

चौतीस वर्षांत पहिल्यांदा परत, तेही कुणाच्या तरी आईच्या म्हणण्यावरून, आणि वर फ्लेक्सची धमकी. मी त्याच दिवशी ब्रश, रंगाच्या बाटल्या आणि पॉलिश पेपर पिशवीत भरले. खरं सांगायचं तर मी शिकायला नाही, भांडायला निघाले होते.

शुक्रवार, भरतीची वेळ

मार्व्याच्या धक्क्यावरून मनोरीला होडी जाते. प्रवास इतका छोटा की पदर नीट खोचेपर्यंत पलीकडचा काठ येतो. दुपारची भरती होती, पाणी पायऱ्यांना लागलं होतं. होडीत दोन स्कूटर, अंड्यांचे ट्रे, एक पाळीव कुत्रा आणि माझा सव्वा मीटर लांबीचा गुंडाळलेला तक्ता. तक्ता मी तान्ह्या मुलासारखा मांडीवर घेतला होता.

माझं घर दिंडोशीला. खिडकीतून एका बाजूला डोंगर दिसतो आणि दुसऱ्या बाजूला कोर्टात जाणारे काळे कोट. त्याच मुंबईत उतरल्याउतरल्या बोंबील वाळत घातलेले बांबू दिसतात, क्रूस दिसतो, त्याच्या पुढे देऊळ दिसतं, आणि कुणी कुणाला ढकलत नाही, याची सवय व्हायला मला तासभर लागला. सहलीला येणारे लोक बंगल्यांच्या बाजूला वळतात. मी कोळीवाड्याकडे वळले.

शिक्षिका धक्क्यावर न्यायला आली होती. प्रणाली तिचं नाव, सत्तावीस-अठ्ठावीसची. याच होडीने रोज पलीकडे जाऊन ती शिकली, आणि शिकून परत आपल्याच गावच्या शाळेत लागली. त्या आळीतली पहिली शिक्षिका. मी मनातल्या मनात तिला शंभरपैकी शंभर दिले, पण माझा राग काही तेवढ्याने जाणारा नव्हता. चालता चालता मी विचारलंच, की तुझी आई किती शिकलीय?

“चौथी,” ती म्हणाली, आणि जराही न लाजता पुढे चालत राहिली.

आई म्हणजे हिराबाई. साधारण माझ्याच वयाची, उंचीने कमी, खांद्याने रुंद. ओटीवर बसून सुकी सुंगटं, म्हणजे बारीक कोळंबी, निवडत होती. पाणी दिलं, बसायला चटई दिली आणि तक्ता बघायला मागितला. मी तो खाटेवर उलगडला. तिने हात पदराला पुसले आणि ते पाठीमागे बांधून, मासे बघायला वाकावं तशी ती वाकली. पापलेटापाशी थांबली. म्हणाली, ताजं आहे. डोळा चमकतोय, कल्ला लाल आहे. खरं सांगते, आजवर मोठमोठ्या साहेबांनी माझे तक्ते पास केलेत, पण पापलेटाला ताजं म्हणणारं कुणी भेटलं नव्हतं. मी जराशी विरघळले. तेवढ्यात तिचं बोट खेकड्याकडे गेलं.

“ह्याला उपाशी मारलंस तू, बाय.”

मी बाबांची घडी समजावून सांगितली. निसर्गही असाच घडी घालून काढतो, पुस्तकात तसं दिलंय, हेही सांगितलं. तिने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाली, ओहोटी लागू दे, चार-साडेचारला खाजणात जाऊ. त्यालाच विचारू.

खाजण म्हणजे खाडीकाठची तिवरांची दलदल. हिराबाई अनवाणी होती. मी मालाडहून मुद्दाम घेतलेल्या नव्या कोऱ्या रबरी चपला घातल्या होत्या. तिने एकदा चपलांकडे पाहिलं आणि पुढे चालू लागली. दहा पावलांवर माझा उजवा पाय गुडघ्यापर्यंत आत गेला. पाय निघाला, चपलेने मात्र तिथेच राहायचं ठरवलं. प्रणालीने काठी घालून शोधली, सापडली नाही. मी एका पायात चप्पल घालून, साडी पोटरीपर्यंत खोचून, वही डोक्यावर धरून उभी. हिराबाई हसून हसून खाली बसली. म्हणाली, “आता तूच त्याच्यासारखी दिसतंस. एक अंग मोठं, एक अंग बारीक.”

तिथून पुढे मीही तिला ‘तू’ म्हणायला लागले.

थोडा वेळ आम्ही न हलता बसलो, आणि मग चिखल जिवंत झाला. शेकडो बिळं, आणि प्रत्येकातून एकेक बाहेर. नखाएवढे, अंगठ्याएवढे. पहिलाच जो माझ्या समोर आला त्याच्या दोन्ही नांग्या अगदी सारख्या होत्या. मी हिराबाईचा दंड धरला आणि दाखवला. म्हटलं बघ, जुळतायत का नाही दोन्ही बाजू? माझ्या आवाजात चौतीस वर्षांचा विजय होता.

हिराबाईने बघितलं. “ती बायको हाय त्याची. दोन्ही बारीक हायत, नीट बघ. ती दोन्ही हातांनी जेवते. तो एका हातानं जेवतो, दुसऱ्या हातानं नुसता मिरवतो.”

मग नवरा बाहेर आला. उजवीकडे स्वतःच्या अंगाएवढी पांढुरकी-नारिंगी नांगी, आणि डावीकडे चिमट्याएवढी. मोठी नांगी तो हवेत वर-खाली करत होता, कुणाला तरी बोलावल्यासारखी. आणि तेवढ्यात ती चिमुकली डावी नांगी चिखल उचलत होती, तोंडाशी नेत होती, पुन्हा उचलत होती. शिवणयंत्राच्या सुईसारखी एकसारखी चालली होती. चिखलातलं खाण्यासारखं तेवढं घ्यायचं आणि उरलेल्या मातीची गोळी करून खाली टाकायची. मोठी नांगी एकदाही तोंडाकडे गेली नाही. जाणारच नव्हती, तिचं टोक तोंडापर्यंत वळेल असं मला दिसेना. शेजारच्या बिळातला तर उलटा, त्याची मोठी नांगी डावीकडे. डावखुरा म्हणा.

मी अर्धा तास वहीत चित्रं काढत राहिले. माझ्या तक्त्यावरचा देखणा खेकडा डोळ्यांपुढे आला. दोन्ही हातांत तलवारी आणि समोर ताट वाढलेलं. बिचारा.

शुक्रवार, जेवणाची वेळ

रात्री चिंबोऱ्यांचं, म्हणजे मोठ्या खेकड्यांचं, कालवण होतं. आम्ही मालवणी त्यांना कुर्ल्या म्हणतो आणि खोबरं वाटून घालतो. हिराबाईकडे खोबऱ्याचा पत्ता नव्हता. लाल मसाला, चिंच, लसूण, आणि तांदळाची भाकरी. मी घरी कधी कबूल करणार नाही, पण इथे लिहिते, की आमच्या वाटपाखाली कुर्लीची मूळ चव थोडी दबतेच.

हिराबाईने वाढताना एक नांगी माझ्या ताटात घातली, आणि मी सवयीने म्हणून गेले, मोठी कुणाला दिलीस? प्रणाली हसायला लागली. मला क्षणभर कळेना का. मग मी ताटातल्या नांगीकडे बघितलं, पातेल्यातल्या दुसरीकडे बघितलं, आणि घास हातातच राहिला.

आमच्याकडे कुर्ल्या झाल्या की मोठी नांगी बाबांची. ती जाड, दातेरी, शिंपा फोडणारी. बहुतेक वेळा उजवीच असायची. बारीक, कातरीसारखी डावी आईची. आम्ही भावंडं त्या मोठीसाठी भांडायचो, रुसायचो. म्हणजे कुर्लीच्या दोन नांग्या सारख्या नसतात हे मला वयाच्या चौथ्या वर्षापासून पक्कं माहीत होतं. ताटात माहीत होतं. कागदावर आले की विसरत होते. बाबाही तेच करत. जिभेला जे कळत होतं ते आम्ही पेन्सिलीला कधी सांगितलंच नाही.

मी हे दोघींना सांगितलं. हिराबाईने पातेल्यातली मोठी नांगी उचलली, माझ्या ताटात ठेवली आणि म्हणाली, घे, तुझ्या बाबांची. माझ्या डोळ्यांत पाणी आलं ते मसाल्याने, असं मी प्रणालीला सांगितलं.

शनिवार, खडकांवर

सकाळची ओहोटी मोठी होती. अमावस्या तोंडावर आली की समुद्र फार मागे सरकतो. हिराबाई कालवं काढायला खडकांवर जाते, मीही गेले. या खेपेला अनवाणी.

कालवं म्हणजे खडकाला चिकटलेले शिंपले. ती बसते, लोखंडी टोकाने अचूक जागी एक ठोका घालते, झाकण उडतं आणि आतला गर वाटीत जातो. दोन शिंपांपैकी एक खोलगट, ती खडकाला धरून बसलेली, दुसरी चपटी, नुसतं झाकण. म्हणजे इथेही जोडी होती, पण जुळी नव्हती. मी एक ठोका घालून बघितला, शिंपेचा चुरा झाला. तिने तो चुरा काढून फेकला आणि हत्यार काही पुन्हा माझ्या हातात दिलं नाही.

एका डबक्यात मला फुलासारखं काही दिसलं. हिरवट, मधे तोंड आणि भोवती पाकळ्यांसारखे तंतू. प्रणालीने सांगितलं की तो प्राणी आहे, समुद्रफूल. याला डावं-उजवं नाहीच. कलिंगडाच्या गोल चकतीसारखा हवा तिथून मधोमध कापा, दोन्ही बाजू जुळतील. याचं नाव अरीय सममिती. मी बोट लावलं तसं ते मिटलं आणि चोळामोळा होऊन बसलं. बाबांनी हे बघितलं असतं तर लुगड्याच्या पदरावर काढलं असतं, याबद्दल मला शंका नाही.

परतताना हिराबाईने हात धुतले आणि माझ्यापुढे धरले. उजवं मनगट डाव्यापेक्षा चांगलं दोन बोटं जाड. चाळीस वर्षं ठोके घालून. मी माझा हात तिच्या हाताशेजारी धरला. माझ्या उजव्या मधल्या बोटावर ब्रशाने पडलेला घट्टा, बोटही थोडं वाकलेलं. डाव्या हातावर काहीच नाही. आम्ही दोघी बराच वेळ त्या चार हातांकडे बघत बसलो होतो. मला त्या घट्ट्याची एरवी लाज वाटते, लग्नकार्यात मी तो पदराखाली घेते. त्या दिवशी नाही घेतला.

शनिवार, दुपार

जेवायला लेपा होता. पानासारखा चपटा मासा, वाळूवर आडवा पडून राहणारा. आमच्या बाजारात तो डोकं उडवून, कातडी ओढूनच मिळतो, त्यामुळे जन्मभर खाऊन मी त्याचं तोंड पाहिलं नव्हतं. इथे डोक्यासकट बघितला. दोन्ही डोळे एकाच अंगावर. प्रणाली म्हणाली, पिल्लू असतं तेव्हा दोन्ही बाजूंना एकेक डोळा असतो, सरळ पोहतं. मग एक डोळा हळूहळू सरकत पलीकडच्या अंगावर येतो आणि मासा आडवा होतो. मी विचारलं, कशाला? तर म्हणाली, वाळूत पडून राहायचं, मग वाळूतला डोळा काय कामाचा? मुलांना हीच गोष्ट ती लेपा हातात घेऊन सांगते. ती बोलत होती आणि हिराबाई लेकीकडे बघत होती. आपली पोर वर्गात कशी शिकवते ते तिने कधी पाहिलं नसणार, त्या दिवशी चुलीपाशी पाहिलं.

मग मी ओटीवर तक्ता पसरला आणि कामाला बसले. रविवार उद्यावर आला होता. वॉर्निश पॉलिश पेपरने घासून काढायचं, चुकलेल्या नांगीवर पांढरा हात द्यायचा, तो वाळला की वर नवीन काढायचं. मोठ्या नांगीची जागा तळहाताएवढी आणि त्या जागी चिमटीएवढी नांगी. उरलेल्या जागेचं काय करायचं? शिवाय पांढऱ्याखालून जुना नारिंगी डोकावणार. वेळ थोडा, हात थकलेले.

तेव्हा मला एक युक्ती सुचली, आणि ती मी इथे लपवणार नाही. फोटोत खेकडा अर्धा बिळात होता. मीही त्याला अर्धा बिळात घालायचा. चुकलेल्या बाजूवर चिखल फासायचा, काळं बीळ काढायचं, खेकडा बाहेर येतोय असं दिसेल. चूक तर नाहीच, वर चित्रात जिवंतपणा. तासात काम झालं. चिखल इतका छान जमला होता की हात लावावासा वाटावा. मी दोन पावलं मागे सरून बघत होते, तेवढ्यात हिराबाई टोपली घेऊन बाहेर आली. तिने हात पाठीमागे बांधले, वाकली, आणि नुसती बघत राहिली.

“लपवलंस?” ती म्हणाली.

ओरडली नाही, हसली नाही. टोपली डोक्यावर घेतली आणि बाजाराला गेली.

मी म्हणाले होते, भांडायला आले होते. पण आता भांडायला समोर कुणी नव्हतं. मी त्या बिळाकडे बघत बसले. प्रणाली उद्या त्यापुढे उभी राहून मुलांना सममिती शिकवणार, आणि नेमकी जी बाजू दाखवायची ती माझ्या चिखलाखाली. त्या मुलांच्या घरी खाजण आहे, त्यांना कळायचं ते कळेलच. कळणार नाही ते आमच्या दिंडोशीच्या, घाटकोपरच्या मुलांना, ज्यांना खेकडा फक्त तक्त्यावर भेटतो. मला माझीच शरम वाटली. बाबा म्हणायचे दुसरा अर्धा आपसूक येतो. लुगड्याच्या काठावर येत असेल. खेकड्याचा बघायला होडीत बसून यावं लागतं, आणि चप्पल घालवावी लागते.

ओल्या फडक्याने सगळा चिखल पुसला. पॉलिश पेपर घेतला आणि कापडाचा धागा दिसेपर्यंत घासलं. नखं नारिंगी झाली. पांढऱ्याचे तीन हात दिले, प्रत्येक हात प्रणालीने पंख्याखाली धरून वाळवला. मग शुक्रवारची वही उघडून पुढ्यात ठेवली आणि डावी नांगी काढली. चिमट्याएवढी, चमच्यासारख्या टोकाची, तोंडाशी अर्ध्यावर पोचलेली, टोकात चिखलाचा एक कण. उरलेल्या जागेत त्याची बायको काढली, दोन्ही बारीक नांग्यांची. ती मात्र घडी घालून काढली. तिच्यापुरते बाबा बरोबर होते. खेकड्याच्या पायांशी मातीच्या गोळ्या काढल्या, चौदा. अशी चित्रं घडीने येत नाहीत, एकेक रेघ बघून मारावी लागते, आणि अठ्ठावन्नाव्या वर्षी माझा हात ती मारू शकला. मला स्वतःचा इतका अभिमान पहिला तक्ता विकला तेव्हाही वाटला नव्हता.

शेवटी कोपऱ्यात ‘शैला’ लिहिलेलं होतं, त्याच्या शेजारी मी बारीक ब्रशाने आणखी एक ओळ लिहिली. वॉर्निश मारलं आणि तक्ता गच्चीवर वाळत घातला.

रविवार, शाळेत

उद्घाटनाला सरपंच नाहीत, मंत्री नाहीत, ही मुंबईतली शाळा. पण आख्खा कोळीवाडा होता. बायकांनी नाकात नथी घातल्या होत्या, पुरुषांनी इस्त्रीचे शर्ट. मुख्याध्यापकांनी तक्ता भिंतीवर मधोमध लावला होता. त्यांना चूक कोणती होती आणि दुरुस्ती कोणती ते समजलं नसावं, कारण ते मला म्हणाले, छान, रंग उजळलेत. मी मान डोलावली.

प्रणालीने मुलांना तक्त्यापुढे बसवलं आणि शिकवायला लागली. फुलपाखरापाशी सगळ्यांनी हवेत मधली रेघ मारली. तारामाशापाशी पाच रेघा मारल्या. खेकड्यापाशी ती थांबली, पुढचं सांगायला तिने मुलांनाच सोडलं, आणि सगळी एकदम बोलायला लागली. कुणी डावा पाहिला होता, कुणी उजवा. मी मागच्या भिंतीला टेकून उभी होते, एका पायात माझी, एका पायात हिराबाईची चप्पल घालून.

हिराबाई उशिरा आली. सकाळचा बाजार उरकून थेट आली होती, टोपली बाहेर व्हरांड्यात ठेवून. लेकीच्या वर्गात तिचं पहिलंच पाऊल. पोरं बाजूला सरली, तिने हात पाठीमागे बांधले आणि तक्त्यापुढे वाकली. पापलेटाकडे बघितलंच नाही. थेट खेकड्यापाशी गेली. मोठी नांगी बघितली, छोटी बघितली, तिच्यातला चिखलाचा कण बघितला, मातीच्या गोळ्या बघितल्या. कुठल्याच साहेबापुढे तक्ता ठेवून मी अशी वाट बघितली नव्हती.

मग तिची नजर कोपऱ्यात गेली. चौथीपर्यंत शिकलेली बाई, अक्षर लावायला वेळ लागला. ओठ हलत होते. ‘चित्र: शैला. तपासणी: हिराबाई, मनोरी.’ तिने ते दोनदा वाचलं. पाठीमागचे हात सुटले, एक हात वर आला, नावापाशी जाऊन थांबला. हाताला मासळीचा वास होता, तक्त्याला लागेल म्हणून तिने तो परत घेतला आणि पदराला पुसला. मी पुढे जाऊन तिचा तोच हात धरला आणि तिच्या नावावर ठेवला. वॉर्निश वाळलेलं होतं.

ती माझ्याकडे वळली नाही. पोरांकडे वळली, आणि प्रणाली वर्गात बोलते तशा मोठ्या, स्वच्छ आवाजात म्हणाली, “आता जेवंल हा.”